भिंत स्त्रीलिंगी कशी? व्याकरणातील लिंगविचार आणि आपले वर्ग
(सीमाभागातील प्राथमिक शिक्षकांच्या उजळणी वर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



व्याकरणावर भाषण आहे असे आधी जाहीर होऊनही आपण इतक्या संख्येने जमलात, याचे मला कौतुक वाटते. प्रारंभी माझ्या हातून झालेली एक चूक सांगतो. आजचा विषय त्या चुकीतूनच निघाला आहे.

मी नवा शिक्षक होतो. पाचवीच्या वर्गात बरीच मुले घरी कन्नड बोलणारी होती. पुस्तकात व्याख्या होती, तीच मी फळ्यावर लिहून दिली. ज्या नामावरून पुरुषजातीचा बोध होतो ते पुल्लिंगी, स्त्रीजातीचा बोध होतो ते स्त्रीलिंगी, आणि दोहोंपैकी कशाचाच बोध होत नाही ते नपुंसकलिंगी. मग दहा शब्द दिले. एका मुलीने आजोबा व बैल पुल्लिंगात घातले, आई व गाय स्त्रीलिंगात घातले, आणि दगड, डोंगर, भिंत, वही, घर, झाड हे सहाही शब्द नपुंसकलिंगात लिहिले. मी चार ठिकाणी लाल फुली मारली आणि दहापैकी सहा गुण दिले. वही घेऊन ती पुढे आली व म्हणाली, "गुरुजी, भिंत बाई आहे काय?" वर्ग हसला, मीही हसलो. त्यानंतर ते वर्षभर त्या मुलीने मराठीच्या तासाला आपण होऊन तोंड उघडले नाही.

तिचे काय चुकले होते? मी दिलेली व्याख्या तिने अक्षरशः लावली होती. चूक व्याख्येत होती, आणि ती माझ्या लक्षात येण्यास पुष्कळ वर्षे जावी लागली.

लिंग, वचन, पुरुष, विभक्ती, काळ यांना भाषाशास्त्रात व्याकरणिक कोटी म्हणतात. कोटी म्हणजे शब्दांचा असा वर्ग की जो त्या भाषेच्या रचनेत दिसून येतो. जगात जे जे भेद आहेत त्या सर्वांच्या कोटी भाषेत होत नाहीत, आणि एका भाषेत असलेली कोटी दुसरीत असेलच असेही नाही. संस्कृतात द्विवचन आहे, मराठीत नाही. बंगालीत क्रियापद कर्त्याच्या लिंगाप्रमाणे बदलत नाही. तरी बंगाली माणसास स्त्री कोण व पुरुष कोण हे कळतेच. अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ चार्ल्स हॉकेट यांनी १९५८ च्या आपल्या ग्रंथात लिंगाची ओळख अशी करून दिली की, नामाचे लिंग त्याच्या सोबतच्या शब्दांच्या वागणुकीवरून ठरते. अर्थ मदतीला येईल, कधी येणार नाहीही.

हा विचार पश्चिमेकडून आला म्हणून नवा समजण्याचे कारण नाही. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या सुमारास पतंजलींनी महाभाष्यात हाच प्रश्न घेतला आहे. शरीरावरील खुणांवरून लिंग ठरवावे, तर खाट या अर्थाचा 'खट्वा' हा शब्द स्त्रीलिंगी आणि 'वृक्ष' पुल्लिंगी का, अशी शंका तेथे उपस्थित केलेली आहे. संस्कृतात पत्नीला तीन शब्द आहेत: भार्या स्त्रीलिंगी, कलत्र नपुंसकलिंगी, आणि दार तर पुल्लिंगी, तोही नेहमी बहुवचनी! बायको मात्र एकच.

आता त्या मुलीकडे परत येऊ. कन्नडात 'अवनु, अवळु, अदु' अशी तीन सर्वनामे आहेत. मराठीच्या तो, ती, ते यांच्यासारखीच ती दिसतात. परंतु तेथे लिंग बहुतांशी अर्थावरून ठरते. पुरुष आला तर 'बंदनु', स्त्री आली तर 'बंदळु', आणि निर्जीव वस्तूला 'बंतु'. विशेषण तर बदलतच नाही: मोठा मुलगा, मोठी मुलगी, मोठे घर या तिन्ही ठिकाणी 'दोड्ड' हेच रूप. म्हणजे मी फळ्यावर लिहिलेली व्याख्या निर्जीव वस्तूंपुरती कन्नडला चोख लागू पडत होती, मराठीला नव्हती. काही पुस्तकांत 'वास्तविक अथवा काल्पनिक' अशी पुस्ती जोडलेली आढळते. पण भिंतीचे स्त्रीत्व कल्पावे कसे, हे कोणी सांगत नाही.

अन्यत्रही थोड्याफार फरकाने हेच आहे. इंदूर-ग्वाल्हेरकडच्या मराठी घरातील मूल 'पुस्तक फाटली' म्हणते, कारण हिंदीत नपुंसकलिंग उरलेले नाही आणि पुस्तक तेथे स्त्रीलिंगी आहे. हैदराबादच्या मुलाच्या कानावर तेलुगू असते. तीत एकवचनी क्रियापद पुरुषाला वेगळे, आणि स्त्री व वस्तू यांना मिळून एकच. वडोदऱ्याच्या मुलाला जरा सोपे जाते, कारण गुजरातीत तिन्ही लिंगे शाबूत आहेत. गोव्याची गोष्ट मला फार आवडते. कोंकणीत तिन्ही लिंगे आहेतच, शिवाय लहान किंवा तरुण मुलीविषयी बोलताना नपुंसकलिंगी रूप वापरतात, आणि त्यात आपुलकी असते. आपणही मूल, लेकरू, वासरू हे शब्द नपुंसकलिंगीच ठेवले आहेत. आणि कोल्हापूरकडच्या मुली 'मी जातो' म्हणतात, म्हणून कोणी त्यांना अडाणी ठरवू नये. तो त्यांच्या बोलीचा नियम आहे. लेखनातील 'जाते' हे रूप त्याच्या जोडीला शिकवता येते.

दादोबा पांडुरंग तर्खडकर यांचे व्याकरण १८३६ साली प्रसिद्ध झाले आणि मोरो केशव दामले यांचे 'शास्त्रीय मराठी व्याकरण' १९११ साली. या थोर मंडळींचे ऋण मोठे आहे. पण शाळेतील व्याकरणात संस्कृतचा साचा पुष्कळ राहिला हेही खरे. द्वितीया आणि चतुर्थी या दोहोंचे प्रत्यय आपण 'स, ला, ते' असे एकच पाठ करून घेतो आणि मग मुलास विचारतो की, यातली द्वितीया कोणती! रूपात भेद नाही, तेथे मुलाने ओळखावे कशावरून? तो विषय स्वतंत्र आहे. आज लिंगापुरतेच बोलतो.

शिक्षक म्हणतील, आम्ही तो-ती-ते लावून बघायला सांगतो. ही कसोटी शास्त्रशुद्ध आहे, कारण ती सोबतच्या शब्दाची वागणूक पाहते. परंतु ज्याच्या कानात मराठी आधीच मुरलेली आहे त्यालाच ती लावता येते. 'ती भिंत' बरोबर आणि 'तो भिंत' चूक, हे ज्याला ऐकू येत नाही त्याच्या हाती ही कसोटी देऊन उपयोग काय?

अशा मुलास नाम एकटे शिकवू नये, बदलणाऱ्या विशेषणासह शिकवावे: काळा दगड, पांढरी भिंत, नवे घर. विशेषण जपून निवडावे. 'लाल' आणि 'सुंदर' ही विशेषणे बदलत नाहीत. 'लाल भिंत' शंभर वेळा ऐकूनही मुलाला लिंग कळणार नाही. त्यानंतर अनेकवचन घ्यावे. दगड-दगड, भिंत-भिंती, वीट-विटा, घर-घरे. पुढे सामान्यरूप: दगडावर, भिंतीवर, विटेवर, घरावर. भिंत आणि वीट दोन्ही स्त्रीलिंगी, तरी वाटा दोन. हे फळ्यावर मांडले की मुले स्वतःच शब्द गोळा करू लागतात.

शेवटच्या अक्षराचाही आधार मिळतो. एकारान्त नामे, जसे केळे, तळे, रताळे, डोके, बहुधा नपुंसकलिंगी असतात. आकारान्तांत आंबा, घोडा, डोळा पुल्लिंगी; पण शाळा, भाषा, सभा हे संस्कृतातून आलेले शब्द स्त्रीलिंगी. ईकारान्तांत वही, पाटी, काठी सरळ आहेत. पाणी, लोणी, दही आणि मोती, हत्ती मात्र वेगळे सांगावे लागतात. ऊकारान्तांच्या वाटेस जाऊ नये: लिंबू, चाकू आणि वाळू तीन दिशांना तोंडे करून बसली आहेत. काही जोड्यांत मोठी वस्तू पुल्लिंगी व लहान स्त्रीलिंगी असते, जसे दोर-दोरी, गाडा-गाडी. विळा आणि विळी यांचे तसे नाही. एक शेतात चालतो, दुसरी स्वयंपाकघरात. हे मी शेतकरी मंडळींना सांगावे असे नाही.

खरी कसोटी भूतकाळात लागते. मराठीत 'मुलीने आंबा खाल्ला', 'मुलीने पोळी खाल्ली', 'मुलीने केळे खाल्ले'. क्रियापदाचे लक्ष येथे खाणाऱ्याकडे नाही, खाल्लेल्या वस्तूकडे आहे. कन्नडात मुलगी काहीही खावो, क्रियापद 'तिंदळु' असेच राहते. म्हणून आपल्या भागातील मूल 'मुलगी आंबा खाल्ली' असे लिहिते. ते निष्काळजीपणाने लिहीत नाही. घरचा नियम प्रामाणिकपणे पाळते. तेथे फुली मारण्याऐवजी दोन्ही वाक्ये शेजारी शेजारी लिहून मुलालाच भेद दाखवावयास सांगावे. शिक्षकास त्यासाठी थोडे कन्नड यावे लागेल, आणि त्यात कमीपणा मुळीच नाही.

प्रश्नपत्रिका काढणाऱ्या अधिकाऱ्यांना एक विनंती. 'लिंग ओळखा' असे म्हणून सुटे शब्द देऊ नयेत. शब्द वाक्यात द्यावा व विशेषणाची जागा रिकामी ठेवावी. 'वेळ' हाच शब्द पाहा. 'जेवणाची वेळ झाली' आणि 'कामात फार वेळ गेला': पहिल्या वाक्यात स्त्रीलिंगी, दुसऱ्यात पुल्लिंगी. सुटा विचारल्यास परीक्षकालाही उत्तर देता यावयाचे नाही.

बदलणाऱ्या विशेषणांची आणि रोजच्या वापरातील नामांची एक यादी मी करून आणली आहे. चहानंतर ती फळ्यावर घेऊ. ज्यांच्या घरी कन्नड बोलली जाते अशा शिक्षकांनी कृपया पुढच्या रांगेत बसावे. त्यांची मदत मला लागणार आहे.