शासकीय आदेश, दाद आणि अवमान



२३ जुलै १९१६ रोजी पुण्यात लोकमान्यांच्या षष्ट्यब्दीपूर्तीचा सोहळा होता. त्याच दिवशी जिल्हा दंडाधिकाऱ्यांची नोटीस त्यांच्या हाती पडली. बेळगाव व अहमदनगर (आजचे अहिल्यानगर) येथील भाषणे राजद्रोहात्मक आहेत, सबब वर्षभराच्या सद्वर्तनासाठी २०,००० रुपयांचा जातमुचलका आणि प्रत्येकी १०,००० रुपयांचे दोन जामीन का घेऊ नयेत, अशी विचारणा तीत होती. पुढे तसा आदेशही झाला. लोकमान्यांनी मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली. त्यांची बाजू बॅ. जिनांनी मांडली, हा इतिहासाचा अजब खेळ! भाषणाचा परिणाम सुट्या वाक्यांवरून नव्हे, समग्र भाषणावरून ठरवावा, असे मानून न्या. बॅचलर व न्या. शहा यांनी ९ नोव्हेंबरला आदेश रद्द केला. परकी सत्ता, परका कायदा; तरी त्यातलेच शस्त्र लोकमान्यांनी परजले.

आज राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ ने हा मार्ग पुष्कळ रुंद केला आहे. मात्र कायद्यात अपिलाची तरतूद असेल, तर न्यायालय बहुधा प्रथम तिकडे पाठवते. शिवाय नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते. येथेच अनेक सज्जन फसतात.

अधिकाऱ्याचा आदेश मोडणे हा न्यायालयाचा अवमान नव्हे. त्याचे परिणाम त्या-त्या कायद्यानुसार भोगावे लागतात. पण न्यायालयाचा आदेश अधिकाऱ्यानेच हेतुपुरस्सर डावलला, तर १९७१ च्या अधिनियमान्वये तोही अवमानाचा दोषी ठरतो. सहा महिन्यांपर्यंत साधी कैद वा २,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, त्याला होऊ शकतात. त्यासाठी नागरिकाने एका वर्षाच्या आत न्यायालयात गेले पाहिजे.