शांघायच्या भिंतींवरची अक्षरं



मुलांना परक्या देशांची ओळख व्हावी म्हणून आपण चित्रमय साहसकथा घरी आणतो. त्यांत टिनटिन हमखास असतो. आज त्यातल्या एका पुस्तकाविषयी बोलायचं आहे, ‘द ब्लू लोटस’.

बेल्जियमचा चित्रकार एर्जे यानं १९२९ साली टिनटिन सुरू केला. दुसऱ्याच कथेत नायक काँगोला गेला. तिथली माणसं एर्जेनं अडाणी, भाबडी रंगवली. बेल्जियमच्या या वसाहतीविषयी ब्रसेल्समध्ये जे कानावर येई, तेच त्यानं कागदावर उतरवलं. १९३४ मध्ये टिनटिन चीनला निघणार असं जाहीर झालं. तेव्हा चिनी विद्यार्थ्यांमध्ये काम करणाऱ्या एका पाद्र्यानं एर्जेला पत्र लिहिलं, की आधी नीट माहिती घ्या. त्यातूनच पुढे शिल्पकला शिकणाऱ्या चांग चोंगरेनशी त्याची गाठ पडली.

चांगनं त्याला आपला देश समजावून सांगितला. पुस्तकातलं शांघाय मुलांना सावकाश बघू द्या. भिंतींवरची चिनी अक्षरं खरी आहेत, चांगची आहेत. एके ठिकाणी साम्राज्यशाहीविरुद्ध घोषणा आहे, दुसरीकडे जपानी मालावरच्या बहिष्काराची. १९३१ साली मुकदेनजवळ जपानी सैनिकांनीच रेल्वेमार्गावर स्फोट घडवला आणि ते निमित्त करून मांचुरिया घेतला, तेही कथेत येतं. बेल्जियमच्या मुलांना त्या घोषणा वाचता येणार नव्हत्या, तरी त्या खऱ्याच लिहिल्या गेल्या. मला याचं फार मोल वाटतं.

आणि तो नदीकाठचा प्रसंग! टिनटिन पुरातून एका चिनी मुलाला वाचवतो. त्याचंही नाव चांग. गोऱ्या माणसानं आपल्याला का वाचवावं, हेच त्याला उमगत नाही. मग दोघं एकमेकांच्या लोकांविषयीच्या खुळ्या समजुती सांगतात आणि पोट धरून हसतात.

याच पुस्तकात जपानी माणसं मात्र पुढे आलेल्या दातांची, कुरूप आहेत. तीही पानं झाकू नका. जपानविषयी सांगायला शेजारी कुणी चांग नव्हता, असं मला वाटतं.

ऐकीव चित्र आणि खरं चित्र यांतला फरक आपल्या मुलांना पटवायला सोपा मार्ग आहे. याच्या आधीची, फॅरोच्या सिगारांची कथा त्यांच्या हाती द्या. तिच्यात टिनटिन भारतात येतो. महाराजा, फकीर, हत्ती सगळे भेटतात. यातलं आपलं किती आणि ऐकीव किती, हे मुलांनाच पेन्सिलीनं खुणा करून सांगू द्या. मग काँगोची पानं त्यांच्यासमोर उघडा.