मुधोळचं कुत्रं

(मंडळाच्या व्याख्यानात झालेल्या भाषणाचा संक्षिप्त मजकूर. वक्ते निवृत्त पशुवैद्यकीय अधिकारी असून मंडळाचे जुने सभासद आहेत.)



अध्यक्षांनी माझी ओळख ‘कुत्र्यांचे डॉक्टर’ अशी करून दिली. खरं सांगायचं तर माझी नोकरी गाई-म्हशींच्या मागे गेली. दवाखान्यात कुत्री यायची ती बहुतेक धनगरांची, आणि त्यांत पुष्कळशी मुधोळची. आज त्या एकाच जातीबद्दल बोलणार आहे. कारण असं की, मधल्या दोन-तीन वर्षांत आपल्या मंडळातल्याच चार घरांतून मला फोन आले, ‘डॉक्टर, मुधोळचं पिल्लू पाहिजे, कुठं मिळेल?’ चौघांनीही आणलं. त्यातली दोन कुत्री वर्ष व्हायच्या आत परत गेली. ती का गेली हे सांगायचं आहे, पण आधी ती आली कुठून ते बघू.

मुधोळ आपल्या बेळगावकरांना परकं नाही. गोकाक ओलांडून पुढे गेलं की घटप्रभेच्या खोऱ्यात लागतं, आज बागलकोट जिल्ह्यात आहे. पूर्वी तिथं घोरपड्यांचं संस्थान होतं. शहाजीराजांना जिंजीजवळ कैद करणारे बाजी घोरपडे मुधोळचेच, त्यामुळे शाळेच्या इतिहासात या गावाशी आपली गाठ जरा कडूच पडते. पण त्याच घराण्यातल्या मालोजीराव राजांनी विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात एक चांगलं काम केलं. आसपासचे बेडर लोक सडपातळ, उंच, वाऱ्यासारख्या पळणाऱ्या कुत्र्यांच्या जोरावर शिकार करतात हे त्यांनी पाहिलं, त्यातली निवडक कुत्री घेतली आणि पैदास सुरू केली. इंग्लंडला गेले तेव्हा एक जोडी त्यांनी पंचम जॉर्ज बादशहाला नजर केली आणि ‘मुधोळ हाउंड’ हे नाव तिथून रूढ झालं, असं सांगतात.

राजांनी जात घडवली नाही, सांभाळली. मूळ फार लांबचं. इराण, अरबस्तान, मध्य आशिया इकडून येणाऱ्या तांड्यांबरोबर सालुकी आणि ताझी जातीची कुत्री दख्खनेत उतरली आणि इथल्या उन्हात, इथल्या भाकरीवर मुरली, असं मानलं जातं. तांड्यांबरोबर आली म्हणून महाराष्ट्रात तिला ‘कारवान’ म्हणतात. कानांवर आणि शेपटीला रेशमी केस असले की ‘पश्मी’. केनेल क्लब ऑफ इंडियाच्या दफ्तरी ती ‘कॅरॅव्हान हाउंड’ आहे आणि इंडियन नॅशनल केनेल क्लबच्या दफ्तरी ‘मुधोळ हाउंड’. कुत्रं एक आणि नावं दोन! नावावरून चालणारा वाद बेळगावात बसून मी काय समजावून सांगणार?

आता अंगलट बघा. नर सव्वादोन फुटांच्या आसपास उंच, वजन मात्र पंचवीस किलोच्या आगेमागे. डोकं लांब आणि निमुळतं, छाती खोल, पोट वर ओढलेलं. शेवटच्या दोन-तीन बरगड्या आणि कमरेची हाडं दिसतात, ती दिसायलाच पाहिजेत. हे मी मुद्दाम सांगतो, कारण परत गेलेल्या दोनांपैकी एका कुत्र्याला घरातल्या आजींनी ‘बिचारं उपाशी दिसतंय’ म्हणून तूप-भात आणि शिरा खाऊ घातला. सहा महिन्यांत ते पिंपासारखं झालं आणि सांधे धरून बसलं. आजींची माया खरी होती. पण धनगराच्या घरी हे कुत्रं ज्वारी-मक्याची भाकरी, दूध, कधीमधी अंडं यावर वाढलेलं असतं. पिल्लाला दिवसातून तीन-चार वेळा द्या, मोठ्याला दोनदा. पोटभर खाल्ल्यावर लगेच पळवू नका, खोल छातीच्या कुत्र्याचं पोट फुगून पीळ पडतो आणि मग काही तासांचाच खेळ असतो.

हाडांवर मांसाची गादी नाही, म्हणून फरशीवर झोपवलं की कोपरांना घट्टे पडतात. एखादी जुनी गोधडी पुरते. गोचिडी रोज बघा, रेबीजची लस दरवर्षी चुकवू नका. हे कुठल्याही कुत्र्याला लागू आहे, म्हणून लांबवत नाही.

एक गोष्ट मात्र लांबवून सांगणार आहे, कारण तीत चूक माझी आहे. नोकरीची पहिली वर्षं. एका धनगराची कुत्री तारेच्या कुंपणात फाटून आली, मांडीपासून पोटापर्यंत. टाके घालायचे म्हणून मी तिला शिरेतून थायोपेंटोन दिलं, वजनाचा हिशेब करून, पुस्तकात होतं तसं. टाके अर्ध्या तासात झाले. कुत्री उठेना. संध्याकाळ झाली तरी उठेना. हे औषध आधी अंगातल्या मांसात आणि चरबीत शिरतं, म्हणून इतर कुत्री लवकर शुद्धीवर येतात. या जातीला चरबी जवळजवळ नाहीच, शिवाय तिचं यकृतही ते औषध सावकाश मोडतं. धनगर घोंगडी पांघरून तिचं डोकं मांडीवर घेऊन रात्रभर दवाखान्याच्या ओट्यावर बसला. मीही बसलो, पण माझ्याकडे त्याने एकदाही पाहिलं नाही. पहाटे तिने शेपटी हलवली. तेव्हा तो म्हणाला, ‘सायेब, हिच्या अंगात औषध मुरायला जागा कुठं हाय?’ एवढं त्याला ठाऊक होतं. मीच त्याला आधी विचारलं नव्हतं. आता भुलीची चांगली औषधं आली आहेत, तरी शस्त्रक्रियेची वेळ आली तर ‘हे मुधोळचं आहे’ हे डॉक्टरांना स्वतः सांगा.

स्वभाव. हे कुत्रं वासावर नव्हे, नजरेवर शिकार करतं. लांबवर काही हललं की ते सुटलं, मग तुमची हाक त्याच्या कानात शिरत नाही. दुसरं परत गेलेलं कुत्रं असंच. फाटक उघडं राहिलं, शेजारच्यांची मांजर पळाली आणि पुढचं तुम्ही ओळखलंच. त्यात कुत्र्याचा गुन्हा काय? परक्याने अंगाला हात लावलेला त्याला आवडत नाही, आणि रागावलेलं ते विसरत नाही. काठी दाखवाल तर वाकडं होतं, नाहीतर खचतं. घरच्या माणसाला मात्र सावलीसारखं धरून राहतं.

शिकारीला १९७२ च्या वन्यजीव कायद्याने बंदी आली आणि ती यायलाच हवी होती. पण त्यामुळे या कुत्र्याचं पिढीजात काम गेलं. शेत राखणं उरलं, आणि शर्यती. शर्यतीसाठी लोक ग्रेहाउंडशी संकर करतात, पिल्लू चार पावलं जास्त पळतं आणि जात मात्र पातळ होत जाते. दुसरीकडे कौतुकही वाढलं. २००५ साली टपाल खात्याने तिकीट काढलं. मुधोळजवळ तिम्मापूरला बीदरच्या पशुवैद्यकीय विद्यापीठाचं संशोधन केंद्र आहे, तिथून २०१६ साली पिल्लं लष्कराच्या मीरतच्या केंद्रात प्रशिक्षणाला गेली. तेव्हापासून प्रत्येकाला ‘लष्करातलं कुत्रं’ हवं आहे. अहो, लष्करात त्याला रोज पळायला मैदान आहे आणि दिवसभर बरोबर एक माणूस आहे. तुमच्याकडे काय आहे ते आधी मोजा.

पिल्लू घेणार असाल तर आई-बाप दोन्ही डोळ्यांनी बघून घ्या, नोंदणीचे कागद मागा, आणि आठ आठवड्यांच्या आत आईपासून तोडू नका.

मघाशी चहाच्या वेळी आपल्या एका सभासदांचा नातू माझ्याकडे आला. तिसऱ्या मजल्यावर राहतात, त्याला मुधोळच हवंय. मी नाही म्हटलं नाही. त्याला म्हटलं, बाळ, महिनाभर रोज सकाळी साडेपाचला माझ्याबरोबर मैदानावर चल, माझ्या कुत्रीला दोरीवर धरून पाच किलोमीटर पळव, पावसातसुद्धा. मग आजोबांना घेऊन आपण तिघं तिम्मापूरला जाऊ. तो सोमवारपासून येतो म्हणालाय.