बनारसीदासांची खतावणी : आत्मपरीक्षणाचा एक धडा
(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानाचा पाठ)



संस्थेच्या जीवनात पन्नास वर्षांचा टप्पा आला की आढावा घेण्याची प्रथा आहे. देणग्यांचा, बांधकामांचा, पाठशाळेतील विद्यार्थ्यांचा हिशेब मांडला जातो. हे सारे मोजता येते. मनुष्याच्या मनाचा हिशेब मात्र कोणत्याच वहीत सहजासहजी उतरत नाही. बाजारातील मालाची पारख करणारा मनुष्य स्वतःच्या मनाची पारख करताना वारंवार फसतो. सुमारे पावणेचारशे वर्षांपूर्वी एका जैन व्यापाऱ्याने हा अवघड हिशेब लिहून ठेवला. आजच्या प्रसंगी त्याची वही उघडून पाहणे उचित ठरेल.

कविवर बनारसीदासांचा जन्म १५८६ मध्ये जौनपूर येथे श्रीमाळ कुळात झाला. वडील खरगसेन जवाहिराचा व्यापार करीत. आजच्या समाजास बनारसीदास ‘नाटक समयसार’ या अध्यात्मग्रंथाचे कर्ते म्हणून परिचित आहेत. तथापि १६४१ साली, वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी, त्यांनी आग्र्यात आणखी एक ग्रंथ पूर्ण केला. त्याचे नाव ‘अर्धकथानक’. मनुष्याचे पूर्ण आयुष्य ११० वर्षांचे मानले, तर पंचावन्न वर्षांची हकीकत ही अर्धीच कथा, म्हणून हे नाव. ६७५ पद्यांचा हा ग्रंथ हिंदीतील पहिले आत्मचरित्र मानला जातो. राजांची चरित्रे त्या काळी पुष्कळ लिहिली गेली. परंतु एका सामान्य व्यापाऱ्याने आपली फजिती आपल्याच लेखणीने लिहावी, ही गोष्ट दुर्मीळ होती.

या वहीत त्यांनी लपविले काय? जवळजवळ काहीच नाही. तारुण्यात व्यापार आणि अभ्यास सोडून प्रेमप्रकरणांत कसे रमलो, हे त्यांनी लिहिले आहे. एका संन्याशाच्या सांगण्यावरून रोज दारात सुवर्णमुद्रा मिळेल या आशेने वर्षभर गुप्तपणे मंत्र जपला आणि वर्ष संपल्यावर हाती काहीच लागले नाही, हेही लिहिले आहे. वडिलांनी जवाहीर, तूप, तेल व जौनपुरी कापड देऊन आग्र्यास व्यापारासाठी पाठविले, तेव्हा काही रत्ने निष्काळजीपणाने हरवली, काही उंदरांनी पळविली आणि अखेरीस एका कचोरीवाल्याच्या उधारीवर कित्येक महिने पोट भरावे लागले. व्यापाऱ्याने बुडीत खात्याची नोंद इतक्या स्वच्छ अक्षरांत क्वचितच केली असेल.

त्यांच्या जीवनातील दोन प्रसंग मनाचा स्वभाव समजण्यास विशेष उपयोगी आहेत.

पहिला प्रसंग १६०५ मधील. अकबर बादशहाच्या निधनाची वार्ता जौनपुरास पोहोचली, तेव्हा जिन्यावर बसलेले तरुण बनारसीदास मूर्च्छा येऊन कोसळले व त्यांचे डोके फुटले. गावात घबराट पसरली, दुकाने बंद झाली. बरे झाल्यावर ते विचार करू लागले की, ज्या शंखाची आपण फलप्राप्तीसाठी नित्य पूजा केली, तो संकटसमयी उपयोगी पडला नाही. ती पूजा त्यांनी सोडली. पुढे एके दिवशी मित्रांसमवेत गोमती नदीच्या पुलावर ते आपले शृंगारकाव्य वाचीत होते. वाचता वाचता त्यांच्या मनात आले की, एक असत्य बोलणाऱ्यासही दोष लागतो. येथे तर एक हजार पद्ये कल्पित गोष्टींनी भरलेली आहेत. त्याच क्षणी त्यांनी ते हस्तलिखित नदीत सोडून दिले. मित्र हळहळले, पाने मात्र वाहून गेली.

सामान्य चरित्रकार येथेच कथा संपविता, आणि ‘तेव्हापासून जीवन पालटले’ असे लिहून मोकळा होता. बनारसीदासांनी तसे केले नाही. पोथी नदीत टाकणे सोपे असते, मन टाकता येत नाही, हे त्यांना पुढील तीस वर्षांनी शिकविले.

दुसरा प्रसंग अधिक गंभीर आहे. १६२३ च्या सुमारास त्यांच्या हाती आचार्य कुंदकुंदांच्या समयसारावरील पंडित राजमल्लांची भाषाटीका आली. आत्मा देहाहून भिन्न आहे, बाह्य क्रिया म्हणजे आत्मा नव्हे, हे त्यांनी वाचले आणि त्यांना वाटले की आपल्याला सारे समजले. सामायिक, प्रतिक्रमण, व्रतनियम हे सर्व सुटले. देवापुढील नैवेद्य खाण्यापर्यंत मजल गेली. ते व त्यांचे तीन मित्र एका खोलीत वस्त्रे काढून आपण मुनी झालो असे म्हणत नाचत असत. लोकांनी निंदा केली. ही अवस्था सुमारे बारा वर्षे टिकली.

या ठिकाणी थोडे थांबून विचार केला पाहिजे. समयसाराचा सिद्धांत खोटा नव्हता. बनारसीदास अडाणीही नव्हते. ते भाषा जाणणारे, कवी आणि बुद्धिमान होते. तरीही प्रमादी मनाने सर्वोच्च सिद्धांताचा उपयोग सोयीचे निमित्त म्हणून केला. नियम कंटाळवाणे वाटू लागले होते, आणि ‘नियम निरर्थक आहेत’ असे सांगणारा आधार सापडला, असे मनाने मानले. आत चाललेला हा व्यवहार त्या वेळी त्यांना दिसला नाही. त्यांना ते ज्ञानच वाटत होते. स्वतःविषयीची चूक ही नेहमी ज्ञानाचा वेष घेऊनच येते. म्हणून ती ओळखणे कठीण असते.

आधुनिक मानसशास्त्रही याच निष्कर्षाजवळ आले आहे. रिचर्ड निस्बेट व टिमोथी विल्सन या दोन अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी १९७७ मध्ये एक प्रसिद्ध निबंध प्रकाशित केला. त्यातील एक प्रयोग वस्त्रांच्या व्यवहारातील असल्याने येथील व्यापारी वर्गास सहज समजेल. एका दुकानात पायमोज्यांचे चार जोड ओळीने मांडून, यांत उत्तम कोणता, असे ग्राहकांना विचारले. डावीकडून अनुक्रमे १२, १७, ३१ व ४० टक्के पसंती मिळाली. वस्तुतः चारही जोड एकाच मालाचे होते. उजव्या टोकाचा जोड केवळ त्याच्या जागेमुळे अधिक आवडला होता. परंतु कारण विचारताच ग्राहकांनी विणीचे, तलमपणाचे, पोताचे गुण सांगितले. जागेचे नाव कोणी घेतले नाही, आणि तसे सुचविल्यावर बहुतेकांनी ते साफ नाकारले.

ते ग्राहक खोटे बोलत नव्हते. मन आधी निवड करते, कारण मागाहून शोधते, आणि सापडलेले कारण हेच खरे कारण अशी स्वतःची खात्री करून देते. गादीवर बसून आयुष्यभर ठाणे उलगडणाऱ्या व्यापाऱ्यास गिऱ्हाइकाची ही रीत ठाऊक असते. स्वतःच्या रागाची, लोभाची आणि मानाची कारणे मात्र तोही अशीच पोतावर ढकलतो. भावाशी अबोला धरला तो तत्त्वासाठी, देणगी दिली ती केवळ धर्मासाठी, पाटीवर नाव कोरले ते इतरांस प्रेरणा मिळावी म्हणून, असे त्याला प्रामाणिकपणे वाटत असते.

मग उपाय काय? बनारसीदासांचा उद्धार एकट्याने विचार करून झाला नाही. १६३५ मध्ये पंडित रूपचंद आग्र्यास आले. त्यांनी गोम्मटसाराचे विवेचन केले व चौदा गुणस्थानांचा क्रम उलगडून दाखविला. ज्या पायरीवर जीव उभा असेल, त्या पायरीस योग्य अशी क्रिया असते. वरच्या पायरीची भाषा खालच्या पायरीवर उभे राहून बोलणे ही आत्मवंचना होय, हे बनारसीदासांच्या ध्यानी आले. सिद्धांत तोच राहिला, पण हाती गज आला आणि माप घेणारा दुसरा मनुष्यही भेटला. पुढच्याच वर्षी, १६३६ मध्ये, ‘नाटक समयसार’ पूर्ण झाले.

जैन परंपरेने ही गोष्ट फार पूर्वी ओळखली होती. तत्त्वार्थसूत्रातील प्रायश्चित्ताच्या नऊ भेदांत पहिले स्थान आलोचनेस आहे, आणि आलोचना म्हणजे गुरूसमोर आपला दोष सांगणे. मनात पश्चात्ताप करून भागत नाही. कारण मन हेच आरोपी, तेच वकील आणि तेच न्यायाधीश होऊन बसते. त्यानंतर प्रतिक्रमण येते. दिवसाचे, रात्रीचे, पक्षाचे, चातुर्मासाचे आणि संवत्सराचे अशा त्याच्या वेळा ठरविल्या आहेत. रोजकीर्द रोज लिहिली, तरच वर्षअखेरीचा ताळेबंद जुळतो. वर्षभर नोंद न करता संवत्सरीस एकदम ‘मिच्छा मि दुक्कडं’ म्हणणे म्हणजे वह्या कोऱ्या ठेवून तेरीज मांडण्यासारखे आहे. ज्यांचे मन खरोखर दुखावले, त्यांच्या घराची पायरी मात्र चढलीच जात नाही.

‘अर्धकथानका’च्या अखेरीस बनारसीदासांनी आपले गुण व दोष स्वतंत्रपणे मांडले आहेत. गुणांच्या बाजूस काव्यशक्ती, क्षमा, भाषाज्ञान. दोषांच्या बाजूस धनाचा लोभ, जप-तपातील शैथिल्य, न बोलावे ते बोलण्याची सवय, अकस्मात वाटणारे भय, आणि एकांत मिळताच नाचू लागणे सुद्धा! तीन विवाह आणि नऊ अपत्ये होऊनही त्यांतील एकही अपत्य उरले नाही, हे दुःखही त्यांनी तेथेच नोंदविले. गुण-दोष दोन्ही सांगणाऱ्या मध्यम प्रतीच्या माणसांत त्यांनी स्वतःस बसविले. उत्तम म्हणवून घेतले नाही आणि अधम म्हणवून घेण्याची खोटी नम्रताही दाखविली नाही. आत्मज्ञानाचा याहून साधा पुरावा दुसरा कोणता असू शकेल?

बंधू-भगिनींनो, सुवर्णमहोत्सवाच्या स्मरणिकेत गुणांची बाजू नेहमीच भरगच्च असते, आणि ते योग्यही आहे. परंतु प्रत्येक घरात एक लहानशी वही असावी, जिच्यात दुसरी बाजूही त्याच प्रामाणिकपणे लिहिली जाईल, आणि ती वाचून दाखविता येईल असा एक तरी विश्वासू साधर्मिक असावा. ज्या संस्थेच्या सभासदांपाशी अशी वही असेल, तिच्या विश्वस्तांच्या बैठकीतही ‘आपले चुकले’ हे वाक्य उच्चारणे कठीण जाणार नाही. संस्था पन्नासावरून शंभराकडे जाते ती इमारतींच्या बळावर नव्हे, तर या एका वाक्याच्या बळावर.

बनारसीदासांनी कथा अर्धी लिहिली. आपल्यापैकी प्रत्येकाची उरलेली अर्धी कथा अद्याप लिहावयाची आहे. ती लिहिताना शाई खरी असावी, एवढीच जिनचरणी प्रार्थना.

जय जिनेंद्र!