शि. द. फडणीस : शब्दांवाचून हसवणारी रेषा
(मंडळाच्या गणेशोत्सवात दिलेले भाषण)



बाप्पाच्या पायाशी उंदीर बसला आहे, म्हणून उंदरापासूनच सुरुवात करतो. एक तरुण आणि एक तरुणी शेजारी उभे आहेत. त्याच्या शर्टावर उंदीर छापलेले आहेत, तिच्या साडीवर मांजरी. बाकी एक शब्द नाही. पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीला 'मोहिनी' मासिकाच्या मुखपृष्ठावर हे चित्र आलं. मुखपृष्ठ म्हणजे देखण्या स्त्रीचा चेहरा, असा तेव्हाचा रिवाज होता. संपादक अनंत अंतरकरांनी तिथे विनोदी चित्राला जागा दिली आणि शि. द. फडणीसांनी त्या जागेचं सोनं केलं.

फडणीस आपल्याच बाजूचे. २९ जुलै १९२५ रोजी बेळगाव जिल्ह्यातल्या भोज या गावी त्यांचा जन्म झाला. तेव्हा बेळगाव आणि आपली हुबळी दोन्ही मुंबई इलाख्यात होती. शिक्षण कोल्हापुरात, पुढे मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेत. १९४५ च्या सुमारास पहिलं व्यंगचित्र छापून आलं आणि मग त्यांची रेषा दिवाळी अंकांतून घरोघर पोहोचली. 'हसरी गॅलरी' हे त्यांचं प्रदर्शन गावोगाव फिरलं. महाराष्ट्रात प्राथमिक शाळेच्या गणिताच्या पुस्तकांत त्यांची चित्रं आली, तेव्हा गणिताला घाबरणारी पोरंही हसली. 'रेषाटन' हे त्यांचं आत्मकथन. २०२५ मध्ये त्यांच्या जन्माला शंभर वर्षं पूर्ण झाली.

त्यांच्या बहुतेक चित्रांखाली ओळ नसते. हे वाटतं तितकं सोपं नाही. चित्र फसलं तर ओळ सावरून घेते, पण इथे ती सोयच नाही. जे सांगायचं ते नजरेत, साडीच्या नक्षीत, खांद्याच्या कलण्यात आलं पाहिजे.

आता घरची गोष्ट. जुन्या हुबळीत आमची ही चौथी पिढी. माझा नातू शाळेत कन्नड आणि इंग्रजी शिकतो. हिंदीमुळे अक्षरं ओळखीची आहेत, पण मराठी पुस्तक हातात दिलं की "आजोबा, तुम्हीच वाचा." मी त्याला फडणीसांच्या चित्रांचं पुस्तक दिलं. तो एकटाच खुदखुदत बसला. शेजारच्या कन्नड आजी डोकावल्या, त्याही हसल्या. कुणाला काही समजावून सांगावं लागलं नाही.

मला आनंद झाला, आणि थोडी रुखरुखही लागली. नातू हसला म्हणजे घरात मराठी टिकली, असं नव्हे. पण मी त्याला विचारलं, "त्या मुलाला आता काय वाटत असेल?" तो अडखळत, मध्येच कन्नड शब्द घालत, पण मराठीत सांगू लागला. पाच मिनिटं थांबला नाही! चित्रात शब्द नव्हते, म्हणून त्याला स्वतःचे आणावे लागले.

म्हणून मंडळाला एक विनंती. पुढच्या वर्षी पाठांतर स्पर्धेबरोबर मुलांसमोर असं एक चित्र ठेवा आणि गोष्ट मराठीत सांगायला लावा. चुका काढू नका. व्याकरण मागाहून येईल, आधी तोंड उघडू द्या. आणि घरी आजी-आजोबांनी रोज पाच मिनिटं ऐकायला बसावं.

गणपती बाप्पा मोरया!