सहकारी बँकेची नोकरी : पात्रता, राखीव जागा आणि न्यायालये



जिल्हा बँकेत ‘चिकटणे’ हे ग्रामीण महाराष्ट्रातील अनेक कुटुंबांचे एके काळचे स्वप्न. गाव सोडावे लागत नाही, शेतीकडे लक्ष राहते, लग्नाच्या बाजारातही वजन वाढते. हे दार मात्र जाहिरातीने उघडते की संचालकांच्या चिठ्ठीने, या प्रश्नावरून देशातील न्यायालये वर्षानुवर्षे शिणली आहेत.

वादाचे मूळ एका साध्या प्रश्नात आहे. सहकारी बँक कोणाची? 1904 च्या कायद्यापासून उत्तर ठरलेले आहे : सभासदांची. मग सभासदांच्या प्रतिनिधींनी मनाजोगता कारकून नेमला तर बिघडले कोठे? परंतु ज्या बँकेत शासनाचे भागभांडवल आहे आणि जी शासनाच्या थकहमीवर कर्ज उचलते, तिला निव्वळ खासगी पेढी म्हणणे सोयीचे असले तरी प्रामाणिकपणाचे नाही.

न्यायालयांनीही एकच उत्तर दिलेले नाही. उत्तर प्रदेशच्या राज्य सहकारी भूविकास बँकेला सर्वोच्च न्यायालयाने 1998 मध्ये घटनेच्या कलम 12 मधील ‘राज्य’ मानले. हिमाचलातील कांगडा मध्यवर्ती सहकारी बँकेला 2006 मध्ये मानले नाही. हा फरक केवळ वकिलांच्या कामाचा नाही. बँक ‘राज्य’ नसेल तर नोकरीची तक्रार घेऊन थेट उच्च न्यायालयात रिट करण्याचा मार्ग बहुधा बंद होतो. कायद्याने लादलेल्या कर्तव्याचा भंग दाखवता आला, तरच तो किलकिला होतो.

या संदर्भात तामिळनाडूचे प्रकरण मुळातून समजून घेण्यासारखे आहे. तेथील सहकारी संस्थांत रिक्त पदे सेवायोजन कार्यालयाला न कळवताच वर्षानुवर्षे नेमणुका होत राहिल्या. मार्च 2001 मध्ये शासनाने आदेश काढून त्या नियमित करू पाहिल्या. जुलै 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ‘उमाराणी’ खटल्यात सांगितले की, वैधानिक नियम डावलून झालेली नेमणूक शासकीय आदेशाने पवित्र होत नाही. नियमितीकरण ही भरतीची पद्धत नव्हे. वर्षानुवर्षे राबलेल्या माणसांना हा निकाल कठोर वाटला असेल, आणि त्यांच्याविषयी सहानुभूती वाटणे स्वाभाविक आहे. पण सेवायोजन कार्यालयात नाव नोंदवून वाट पाहणारा जो तरुण या खटल्यात कोठेच नव्हता, त्याचे काय? पदच जाहीर झाले नाही, तर राखीव जागेचा हिशोब कोण मागणार? मागल्या दाराने होणाऱ्या भरतीत सर्वांत आधी बळी जातो तो ज्याचा कोणी मामा संचालक नाही अशा वंचित घरातील मुलाचा.

महाराष्ट्रात याविषयीचा कायदा स्पष्ट आहे. 2001 चा आरक्षण अधिनियम 29 जानेवारी 2004 पासून अमलात आला. त्याच्या व्याख्येत शासनाचे भागभांडवल असलेली सहकारी संस्थाही येते आणि मूळ कायद्यातील आरक्षणाची बेरीज 52 टक्के आहे. त्यामुळे राखीव जागेच्या वादात पहिला प्रश्न उभा राहतो तो भांडवलाचा, आणि दुसरा बिंदुनामावलीचा. 1995 च्या सभरवाल निकालानुसार ही नामावली पदांवर चालते, दरवर्षीच्या रिक्त जागांवर नव्हे. अनुशेषाचे निम्मे तंटे हा भेद न उमगल्याने होतात, असे म्हटले तर अतिशयोक्ती होऊ नये.

पात्रतेचे तंटे तुलनेने सोपे. जाहिरातीत वेगळी तारीख दिलेली नसेल, तर अर्जाच्या अखेरच्या दिवशी अर्हता हातात असली पाहिजे. निकाल नंतर लागला, ही सबब चालत नाही, हे 1997 पासून पक्के आहे. भरती सुरू झाल्यावर, नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल तर, निकष बदलता येत नाहीत, हे सार्वजनिक सेवांच्या संदर्भात नोव्हेंबर 2024 मध्ये घटनापीठाने पुन्हा सांगितले. मात्र निवडयादीत नाव आले म्हणजे नेमणुकीचा हक्क मिळाला, असा समज करून घेणाऱ्यांनी 1991 चा शंकरसन दाश निकाल जरूर वाचावा.

राहता राहिली माहिती. 2013 च्या थलप्पलम निकालाने सामान्य सहकारी संस्था माहिती अधिकाराच्या कक्षेबाहेर राहिल्या. तथापि निबंधक मात्र कक्षेत आहेत, आणि सहकार कायद्यान्वये जी माहिती ते संस्थेकडून मागवू शकतात, ती अर्जदाराला देण्यासही बांधील आहेत, असे त्याच निकालात म्हटले आहे. बँकेच्या खिडकीवर बिंदुनामावली नाकारली गेली, तर अर्ज जिल्हा उपनिबंधकांच्या कार्यालयात द्यावा आणि पोच घ्यावी.