विराटाचा दरबार, मूक पडद्यावर

महाभारतातल्या विराट राजाचा मेहुणा कीचक राणीच्या सैरंध्री नावाच्या दासीवर हात टाकतो, भरसभेत तिला लाथ मारतो आणि सिंहासनावरचा राजा गप्प बसतो. मूकपटांच्या जमान्यात कीचकाची ही गोष्ट दक्षिणेत आणि महाराष्ट्रातही पडद्यावर आली.

दक्षिण भारतातला पहिला मूकपट 'कीचकवधम्'. तो मद्रासच्या आर. नटराज मुदलियार यांनी 1910च्या दशकाच्या अखेरीस काढला. कॅमेऱ्याचे धडे त्यांनी घेतले होते पुण्यात, एका ब्रिटिश छायाचित्रकाराकडे!  तिथल्या प्रेक्षकाला कीचक कोण, हे पाटी वाचून कळावं लागत नव्हतं.

महाराष्ट्रात या कथेला आणखी धार होती. खाडिलकरांच्या 1907च्या 'कीचकवध' नाटकातल्या कीचकात लोकांनी लॉर्ड कर्झन पाहिला. सरकारनं 1910मध्ये नाटकावर बंदी घातली.

पुढे 1920मध्ये कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी 'सैरंध्री' काढला, तोही स्वतः घडवलेल्या कॅमेऱ्यावर. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्रा'त तारामती पुरुषानं रंगवली होती. इथे गुलाबबाई आणि अनसूयाबाई या स्त्रियाच उभ्या राहिल्या. त्या काळी हे फार मोठं धाडस होतं. भीम कीचकाला संपवतो तो प्रसंग तर इतका अस्सल उतरला, की पुढे तो कापावा लागला. पुण्यात टिळकांनी चित्रपट पाहिला आणि पेंटरांना 'सिनेमा केसरी' म्हणून गौरवलं.

'कीचकवधम्' आणि 'सैरंध्री' यांतला एकही चित्रपट आज पाहायला मिळत नाही. दोन्हींच्या प्रती नष्ट झाल्या आहेत.